सालमपंजाचा हिशेब

हा पंजा कुणाचा, ओळखा बघू.

घाबरू नका, हातात घ्या. थोरली म्हणते आंबेहळद असेल, वाळलेली. धाकट्याला कोंबडीचा पाय वाटतोय. मधली नुसतीच हुंगते आहे आणि तिला वास काही लागत नाही. पांढुरका, पिवळट, टणक. नखाने खरवडला तर भुगासुद्धा निघायचा नाही. चार बोटं धड, पाचवं अर्धं मोडलेलं. बीदरला चौबाऱ्यामागच्या गल्लीत काष्ठौषधीचं एक जुनं दुकान आहे. दुकानदार माझ्या ओळखीचा. त्याच्या बरणीच्या तळाशी वडिलांच्या वेळचे दोन मोडके पंजे पडून होते, ते त्याने मला असेच देऊन टाकले. गिऱ्हाइकाला असलं मोडकं चालत नाही, पाचही बोटं लागतात.

दुसरा पंजा मी काल रात्री वाटीत भिजत घातला होता. बघा आता. चांगला फुगलाय, कडेने अर्धपारदर्शक झालाय, आणि बोट लावून उचललं की बुळबुळीत तार सुटते. पाणी प्यायलं की ते धरून ठेवायचं, हे याचं काम. मेला तरी काम सोडत नाही.

दुकानदार याला सालमपंजा म्हणतो. आमचे जुने हकीमसाहेब सालब म्हणायचे. गढवालात हीच हत्ताजडी, नेपाळात पाँचऔंले. हिमालयात या टोकापासून त्या टोकापर्यंत ज्याने ज्याने ही खणून काढली, त्याला त्यात हातच दिसला. शास्त्रज्ञसुद्धा सुटले नाहीत. डॅक्टिलोऱ्हायझा हे तिच्या कुळीचं नाव, त्यातही बोटं आहेतच. पुढचा शब्द हतगिरिया. तो एका स्कॉटिश वनस्पतिशास्त्रज्ञाने १८२५ साली पहाडी लोकांच्या बोलीतून उचलला आणि लॅटिनात बसवून दिला.

आता हे आहे काय? हा आहे एका ऑर्किडचा कंद. आपण मराठीत ऑर्किडला आमरी म्हणतो. जगात आमरीच्या अठ्ठावीस हजारांच्या आसपास जाती आहेत. आपल्या देशातल्या बाराशे छपन्न जातींची यादी भारतीय वनस्पती सर्वेक्षणाने २०१९ साली छापली. त्यातली ही एक, आणि राहायला अशा ठिकाणी की आपल्याकडचा माणूस तिथे पोचेपर्यंत त्याला धाप लागावी. आपलं बीदर समुद्रापासून सहाशे-सातशे मीटर उंच. एवढ्यावरच आपण बीदरची हवा थंड म्हणून मिरवतो. ही बाई सुरू होते अडीच हजार मीटरला आणि चार हजारांच्या वरपर्यंत जाते. झाडं संपतात, फक्त गवत उरतं, त्या कुरणांना तिकडे बुग्याळ म्हणतात. तिथे ती असते.

मी तिला जागेवर पाहिली, ती झिरा साहिबच्या कृपेने. झिरा साहिबला तुम्ही गेलाच आहात. जांभ्या दगडातून पाणी झिरपतं ते गुरुद्वार. बीदरचं आणि शिखांचं नातं जुनं. १६९९ साली आनंदपुरात गुरु गोविंदसिंगांनी जे पंज प्यारे निवडले, त्यातले भाई साहिबसिंग आपल्या बीदरचे. तर तिथून हेमकुंड साहिबला जथा निघतो, त्यांच्यात मी घुसलो. गोविंदघाटावरून चढत चढत घांघरियाला मुक्काम. तिथून वाट फुटते. उजवीकडे हेमकुंड, डावीकडे फुलांची दरी. जथा उजवीकडे गेला. मी एक दिवस डावीकडे गेलो, आणि परतल्यावर सरदारजींची बोलणी खाल्ली.

ती दरी गढवालच्या मेंढपाळांना पिढ्यान्‌पिढ्या माहीत होती. बाहेरच्या जगाला कळली ती १९३१ साली. फ्रँक स्माइथ नावाचा इंग्रज गिर्यारोहक कामेत शिखर चढून परत येत होता. पावसाने आणि धुक्याने वाट चुकला आणि या दरीत उतरला. पुढे परत येऊन राहिला, १९३८ साली पुस्तक लिहिलं. ते वाचून लोक येऊ लागले. १९३९ साली जोन मार्गारेट लेग नावाच्या बाई रोपं गोळा करायला आल्या आणि फुलं काढताना कड्यावरून घसरून गेल्या. त्यांची समाधी अजून दरीत आहे. १९८२ साली तिथे राष्ट्रीय उद्यान झालं. आता काही तोडायला मनाई आहे, आणि ते बरंच आहे, नाहीतर आपल्या लोकांनी तिथून पिशव्या भरून आणल्या असत्या.

जुलैचा महिना. पाऊस भुरभुरत होता. गुडघ्याएवढं एक झाड वाटेच्या कडेला, पानं लांबट, खोडाला बिलगलेली. वर वीतभर तुरा, गुलाबी-जांभळा, फुलं दाटीने लागलेली. मी खाली बसलो. गुडघे कुरकुरले, पण बसलो. एकेक फूल बोटाच्या पेराएवढं. वरच्या पाकळ्या एकत्र येऊन टोपी झाल्या होत्या. खालची एक पाकळी रुंद होऊन पुढे आलेली, तिच्यावर गडद जांभळे ठिपके आणि रेघा. याच पाकळीच्या मागे एक बंद नळी लोंबते. माशी येते ती या खालच्या पाकळीवर उतरते आणि ठिपक्यांच्या रोखाने नळीत तोंड घालते.

नळीत काय असतं? मधली म्हणते मध. माशीलाही तेच वाटतं. नळी रिकामी असते.

हो, फसवते. पोटात मध नाही, पण दुकान मधाचं मांडलेलं. १७९३ साली जर्मनीत स्पांडाऊ गावच्या शाळेचे मुख्याध्यापक होते श्प्रेंगेल म्हणून. शाळेपेक्षा फुलांत जास्त रमायचे, त्यामुळे पालकांच्या तक्रारी फार. त्यांनी सांगितलं की काही आमऱ्या खोटं दुकान मांडतात. कुणी मनावर घेतलं नाही. सत्तर वर्षांनी डार्विनसाहेबांनी हाच प्रश्न हाती घेतला, तेव्हा त्यांनाही पटेना. पिढ्यान्‌पिढ्या माश्या फसतील, इतक्या मूर्ख असतील, हे त्यांच्या बुद्धीला रुचेना. त्यांनी तर्क केला की नळीच्या दोन पदरांच्या मध्ये रस असेल, माशी भोक पाडून पीत असेल. चुकले. शाळामास्तर बरोबर होता. फसतात त्या नव्या, नुकत्या बाहेर पडलेल्या भुंगेऱ्या माश्या. दोन-चार फुलं तपासून त्या शहाण्या होतात आणि दुसरीकडे जातात. पण तेवढ्यात आमरीचं काम झालेलं असतं.

काम कसं होतं, ते ऐकण्यासारखं आहे. बाकी फुलांत पराग सुटी भुकटी असते. इथे पराग गच्च बांधून दोन गाठोडी केलेली असतात. प्रत्येक गाठोड्याला बारीक देठ, देठाच्या बुडाशी चिकट बिल्ला. माशीने डोकं आत घातलं की बिल्ला कपाळाला चिकटतो, आणि तो चिकट पदार्थ हवा लागली की काही क्षणांत घट्ट होतो. डार्विनने माशीची वाट पाहिली नाही, पेन्सिलीचं टोक घातलं. टोक बाहेर काढलं तर त्यावर गाठोडं उभं! हे त्यांनी आपल्या हत्ताजडीच्या युरोपातल्या चुलत बहिणींवर करून पाहिलं. आता नीट ऐका. गाठोडं उभं असताना तशीच पेन्सिल दुसऱ्या फुलात घातली, तर ते जिथे लागायचं तिथे लागत नाही, वरच आपटतं. पण साधारण तीस सेकंद थांबलं, तर देठ आपला आपणच पुढे वाकतो. काटकोनात. कुणी हात लावत नाही. आणि वाकल्यावर ते गाठोडं बरोब्बर दुसऱ्या फुलाच्या चिकट जागेवर जाऊन टेकतं, बी धरायची सुरुवात होते तिथे.

तीस सेकंद कशाला? थोरले, विचार कर. माशी एका तुऱ्यावर किती वेळ काढते? तेवढ्यात ती झाड सोडून पुढच्या झाडावर गेलेली असते. म्हणजे आपल्याच फुलाचा पराग आपल्याच दुसऱ्या फुलाला लागू नये याचा हा बंदोबस्त. मला या सगळ्या गोष्टीत हा देठ फार आवडतो. फसवण्याचं काय, ते तर बाजारातही चालतं.

बी धरलं. बोंड पिकलं. आता डार्विनसाहेबांचा हिशेब सांगतो. धाकट्या, पाटी-पेन्सिल घे, मोबाईल नको.

त्यांनी त्या चुलत बहिणींपैकी एकीचं बोंड घेतलं आणि बिया मोजल्या. एका बोंडात ६,२०० बिया. एका झाडाला ३० बोंडं. गुण. १ लाख ८६ हजार. थोड्या पोकळ निघतील म्हणून बारा हजार वजा केल्या. उरल्या त्या सगळ्या उगवल्या आणि प्रत्येक रोपाला सहा इंच लांब-रुंद जागा दिली, तर एका झाडाची लेकरं एक एकर भरून टाकतील. नातवंडं? ब्रिटनच्या किनाऱ्याला अँगलसी नावाचं बेट आहे, सातशे चौरस किलोमीटरच्या वर, ते भरून थोडी बाहेर सांडतील. आणि पतवंडं जवळजवळ अख्ख्या पृथ्वीची जमीन झाकून टाकतील. हिमालय, सहारा, तुमची शाळा, आपलं तुरीचं वावर, सगळं. चार पिढ्यांत.

मग झाकलं का नाही? मी दिवसभर त्या दरीत हिंडलो तेव्हा हत्ताजडी इथे एक, तिथे दोन, असंच दिसत होतं. डार्विनने हा प्रश्न विचारला आणि पुढे निघून गेले, कारण उत्तर त्यांच्याजवळ नव्हतं.

उत्तर आपल्या कोठीत आहे. जा, मूठभर तूर आणा. डाळ नको, अख्खी तूर.

हा दाणा. टरफल काढा. दोन दळं निघाली ना? मध्ये हा एवढासा कोंब. जन्माला येणारं झाड म्हणजे हा कोंब तेवढा. ही दोन दळं म्हणजे त्याला पानं फुटेपर्यंत पुरावा म्हणून आईने दिलेला साठा. आपण गुलबर्ग्याची तूर म्हणून ज्या डाळीचा तोरा मिरवतो, २०१९ साली जिला भौगोलिक मानांकनाचा शिक्का मिळाला, तिचं वरण म्हणजे तुरीच्या लेकरांच्या तोंडचा घास आहे. ज्वारीचं पीठही तेच. गहूही तेच. माणूस शेती करतो म्हणजे दुसऱ्यांच्या लेकरांचे साठे गोळा करतो.

आमरीच्या बियांत असला काही साठा नसतो. टरफल पातळ, आत मोजक्या पेशींचा एक ठिपका, बाकी हवा. एका ग्रॅमात लाखो बसतात. बोंड तडकलं की धूर निघाल्यागत उडतात. आईने पोरं काढली लाख-दीड लाख, पण एकालाही डबा दिला नाही. तूर मोजकी पोरं काढते आणि प्रत्येकाची सोय करते. दोन्ही रीती चालतात, नाहीतर दोघी आजपर्यंत टिकल्या नसत्या. पण आमरीच्या रीतीत प्रश्न उभा राहतो की उपाशी बी उगवतं कसं?

हे कोडं सोडवलं नोएल बर्नार नावाच्या फ्रेंच पोराने. पोरगाच तो, पंचवीस वर्षांचा. १८९९ सालचा मे महिना, सक्तीची लष्करी नोकरी चालू होती, पॅरिसजवळ मेलँ गावात. सुट्टी मिळाली की फाँतेनब्लोच्या रानात हिंडायचा. तिथे त्याला एक बिनपानांची, तपकिरी आमरी सापडली. तिचा गेल्या सालचा दांडा वाकून पाचोळ्याखाली गाडला गेला होता, बोंडं तशीच, आणि बोंडांतल्या बिया आतल्या आत उगवलेल्या. कुणी उगवलेली आमरी पाहिली नव्हती असं नाही, पण इतकी पोरं एका जागी! त्याने भिंगाखाली घातली. प्रत्येक पोरात बुरशीचे धागे शिरलेले होते. प्रत्येकात. ज्या बियांत बुरशी नव्हती, त्या तशाच पडून होत्या.

बुरशी म्हटलं की तुमच्या तोंडाला शिळी भाकरी येते. पण जमिनीखाली बुरशीचे धागे मैलोन्‌मैल पसरलेले असतात. कुजक्या पानांतून अन्न खेचतात, इकडचं तिकडे नेतात. आमरीचं बी अशा धाग्याजवळ पडलं, तर धागा आत शिरतो. एरवी बुरशी शिरली की बियाचं मरण. इथे उलटं होतं. पेशीत बुरशीची गुंडाळी होते आणि आमरीचं पोर ती गुंडाळी पचवून टाकतं. खायला आलेल्यालाच खातं. त्यावर मोठं होतं, मातीखाली, अंधारात, हिरवं पान न काढता. कित्येकदा पहिलं पान वर यायलाच वर्ष-दोन वर्षं जातात, आणि फूल यायला आणखी काही.

एक लाख शहाऐंशी हजारांतून किती बियांना असा धागा सापडत असेल? दगडावर पडलेल्या गेल्या. नदीत पडलेल्या गेल्या. चांगल्या मातीत पडल्या पण तिथे ती बुरशी नाही, त्याही गेल्या. डार्विनचा हिशेब तिथे अडला. बर्नार बिचारा फार जगला नाही, १९११ साली गेला, छत्तिसाव्या वर्षी. पुढे १९२२ साली अमेरिकेत कॉर्नेल विद्यापीठातल्या नडसन यांनी दाखवलं की काचेच्या नळीत साखर घातलेला खळ दिला, तर बी बुरशीशिवायही उगवतं. बुरशी देत होती ते अन्न साखरेने दिलं. आज हैदराबादच्या फुलबाजारात जी ऑर्किडं मिळतात, ती सगळी या काचेच्या बाटल्यांची लेकरं. सिक्कीममध्ये पाक्योंगला १९९६ पासून ऑर्किडांचं राष्ट्रीय संशोधन केंद्रच आहे. पण बाटलीतून काढून कुंडीत लावणं वेगळं आणि बुग्याळावर, बर्फाखाली, सोडून देणं वेगळं.

आता परत हा पंजा घ्या. हा एकटा नसतो. जमिनीखाली दोन असतात, शेजारी-शेजारी. एक जुना, सुरकुतलेला, काळपट. यंदाचा तुरा त्याने पोसला. दुसरा नवा, भरलेला, पांढरा. हा पुढच्या सालासाठी. पानं उन्हाळ्यातल्या मोजक्या महिन्यांत जे कमावतात ते नव्या पंजात भरतात. मग वरचं सगळं वाळतं, बर्फ पडतं, आणि पंजा खाली निजतो. आता खणणारा माणूस कोणता उचलेल? सुरकुतलेला कोण घेतो! भरलेला घेतो. खणतातही बहुतेक ऑगस्ट-सप्टेंबरात, बी पुरतं पिकून उडायच्या आधी. म्हणजे पुढच्या सालचं झाड गेलं आणि पोरंही गेली. दुकानदाराच्या वडिलांच्या बरणीत जितके पंजे, तितकी झाडं. ज्वारीसारखं कापून पुन्हा पेरलं, असा प्रकार नाही.

लोक खणतात कशाला, असं विचारशील. ताकदीसाठी. कंदाचा आकार बघून माणसाला काय काय सुचतं; युरोपातल्या आमरीचे कंद गोल असतात, जोडीने, आणि त्यावरून तिकडे जे समज झाले ते तुमच्यासमोर नाही सांगत, तुमचा बाप सांगेल. यात असतं काय? स्टार्च आणि तो बुळबुळीत पदार्थ, ग्लुकोमॅनन. दुधात उकळलं की दूध घट्ट होतं. पोटाला गार वाटतं, हे खरं. बाकी ताकद दूध-साखरेचीच जास्त, असं मला वाटतं. हकीमसाहेब हयात असते तर माझ्यावर रागावले असते. सालबाची चव अरब, इराणी, तुर्की सगळ्यांना. आपलं बीदर म्हणजे बहमनींची राजधानी. महमूद गावानने १४७२ साली मदरसा बांधला तेव्हा खोरासानपासूनची माणसं इथे राबता ठेवून होती, युनानी वैद्यक त्यांच्याबरोबर रुजलं. तुर्कस्तानात आजही थंडीत सालेपचं गरम दूध पितात, आणि मराश गावचं आइस्क्रीम तर इतकं चिवट असतं की ते सुरीने कापतात. ते चिवटपण याच कंदांचं. एक किलो सुक्या कंदांना हजारावर झाडं लागतात. तिथल्या रानांतल्या आमऱ्या त्या आइस्क्रीमने खाऊन टाकल्या म्हणायच्या. हो, आणि तुमच्या आइस्क्रीममधला व्हॅनिला, तोही एका आमरीच्याच शेंगेचा. ते फूल हाताने फळवायची सोपी युक्ती शोधली ती रियुनियन बेटावरच्या एडमंड अल्बियस या गुलाम पोराने, १८४१ साली. बारा वर्षांचा होता, आपल्या थोरलीएवढा. ती गोष्ट पुन्हा कधीतरी.

आपले वैद्यही मागे नव्हते. च्यवनप्राशात अष्टवर्ग म्हणून ज्या आठ वनस्पती सांगितल्यात, त्यातल्या चार, म्हणजे जीवक, ऋषभक, ऋद्धि आणि वृद्धि, हिमालयातल्या आमऱ्या समजल्या जातात. पण गंमत बघा. सोळाव्या शतकात भावमिश्रांनी स्वच्छ लिहून ठेवलं की अष्टवर्ग राजेलोकांनासुद्धा मिळणं कठीण, तेव्हा बदली घ्या. जीवक-ऋषभकाऐवजी विदारीकंद, ऋद्धि-वृद्धीऐवजी वाराहीकंद, मेदा-महामेदेऐवजी शतावरी, काकोली जोडीऐवजी अश्वगंधा. चारशे-पाचशे वर्षांपूर्वी! तेव्हा ना रस्ते होते, ना ट्रक, तरी माल दुर्मीळ. विदारीकंद आपल्या सह्याद्रीत मिळतो, अश्वगंधा माळावर उगवते. हा शहाणपणा औषधाच्या बाटल्यांवर मोठ्या अक्षरांत छापायला हवा, पण छापतात हिमालयाचं चित्र.

सगळ्या आमरीकुळाचा देशादेशांतला व्यापार १९७५ पासून साइट्स करारात बांधलेला आहे. गढवालच्या श्रीनगरात विद्यापीठाचं उंच डोंगरी वनस्पतींचं केंद्र आहे, तिथली माणसं हत्ताजडी शेतात कशी लावता येईल त्याच्या मागे आहेत. लागवड झाली तर रानातलीवरचा हात निघेल. सावकाश चालायचं काम आहे.

आपल्याकडे लावू या का, असं धाकटा विचारतोय. मे महिन्यात गुलबर्ग्याचा पारा त्रेचाळीसच्या वर जातो, लेकरा. तिला बर्फाची झोप लागते. इथे ती आठवडाभरही काढणार नाही.

पण आमरी हवीच असेल तर बांधावरच्या जुन्या आंब्यावर चढ. दुसऱ्या फांदीच्या बेचक्यात लांब, जाड, पन्हळीसारखी पानं दिसतात, तीच. गडी तिला बांडगूळ म्हणून खरवडायला निघाला होता, मी अडवला. बांडगूळ झाडाच्या आत मूळ घालून रस ओढतं. ही नुसती बसायला जागा घेते. हिला वांदा म्हणतात, कुणी रास्ना म्हणतात; खरी रास्ना कोणती यावर वैद्यांची भांडणं अजून मिटलेली नाहीत. दख्खनच्या कोरड्या पानझडी रानांत, आंब्यावर, मोहावर, ही सुखाने राहते. तिकडे चिंचोळीला २०११ साली अभयारण्य झालं, तसल्या रानातली ही रहिवासी. उन्हाळ्यात फुलते. पिवळट-तपकिरी पाकळ्यांवर चौकटी-चौकटींच्या रेघा, खालची पाकळी निळसर-जांभळी, आणि वास मंद गोड. हत्ताजडी बर्फात निजते, ही उन्हात जागते. दोघी एकाच कुळातल्या.

तिची मुळं हवेतच लोंबतात. चल, तांब्या घे, शिडी लाव. हे मूळ बघ, रुपेरी-करडं, कोरडं. आता यावर चार थेंब सोड. थांब, पुसू नकोस. दिसलं? पाणी लागलं तिथे हिरवं झालं. जादू नाही. मुळावर मेलेल्या, रिकाम्या पेशींची जाड साल असते, तिच्यात हवा भरलेली, म्हणून रुपेरी दिसते. पाणी पडलं की ती साल क्षणात पिऊन घेते, पारदर्शक होते, आणि आतलं हिरवं मूळ दिसू लागतं. हो, हिच्या मुळांतही हरितद्रव्य असतं, पानांबरोबर मुळंही अन्न करतात. रात्रीचं दव आणि पावसाची सर एवढ्यावर हिला साल काढायचं असतं, माती तर नाहीच.

आणि हिच्या बियांनाही बुरशी लागते. कुळाचा धाराच तो.

मधली मघापासून गप्प आहे. बोल. काय म्हणालीस? बुरशीला काय मिळतं?

वा! हा प्रश्न मोठ्या मोठ्यांनी शंभर वर्षं विचारला आणि बहुतेकांनी उत्तर दिलं, काही नाही. आमरी फुलाला येते ती माश्यांना फसवून आणि जगते ती बुरशीला लुबाडून, असंच सगळे धरून चालले होते. मग २००६ साली इंग्लंडातल्या कॅमेरॉन, लीक आणि रीड या तिघांनी एक आमरी घेतली, गुडियेरा नावाची. जंगलाच्या सावलीत वाढणारी, हिमालयातही होते. तिच्या पानांना त्यांनी खुणेचा कार्बन दिला. म्हणजे असा कार्बन, की तो पुढे कुठेही गेला तरी उपकरणाला ओळखू यावा. पान हवेतून कार्बन घेतं, उन्हात त्याची साखर करतं, हे तुम्हाला शाळेत शिकवलंय. त्यांनी मग मातीतल्या बुरशीचे धागे तपासले. खुणेचा कार्बन धाग्यांत उतरलेला सापडला. पानांनी केलेली साखर मुळांवाटे बुरशीकडे गेली होती. दुसऱ्या बाजूने बुरशीकडून नायट्रोजन आमरीकडे येत होता. म्हणजे पोरपणी नुसतं घेणारी आमरी, हिरवी पानं आल्यावर देऊही लागते.

सगळ्या आमऱ्या देतात असं नाही हं. बर्नारला सापडलेली ती बिनपानांची तपकिरी, ती जन्मभर फुकटच खाते. पानंच नाहीत तर देणार कुठून?

थोरली म्हणते, म्हणजे आज्जा, पीककर्जासारखंच झालं. काही फेडतात, काही माफीची वाट बघतात.

तुझ्या बापासमोर हे बोलू नकोस. त्याचा हप्ता अजून राहिलाय.